लेखणीवर संसार पेलणाऱ्या एडिथ नेस्बिट

निजण्यापूर्वी मुलांना गोष्ट सांगावी लागत नाही, अशी भगिनी आपल्या मंडळात क्वचितच सापडेल. आपल्या गोष्टींत राजे असतात, राक्षस असतात. पण आपल्या घरातल्यासारख्याच भांडणाऱ्या, कपडे मळवणाऱ्या मुलांच्या हाती जादू लागली तर? या कल्पनेवर कादंबऱ्या लिहिणाऱ्या एका इंग्रज बाईंची ही हकीकत आहे.

एडिथ नेस्बिट यांचा जन्म १५ ऑगस्ट १८५८ रोजी लंडनमध्ये झाला. वडील शेतकी रसायनशास्त्राचे जाणकार होते. एडिथला चौथे वर्ष पुरे होण्याआधीच ते वारले. पुढे मोठी बहीण मेरी हिला क्षय जडला. तिच्या हवापालटासाठी आईने मुलांसह फ्रान्समध्ये व इतरत्र बिऱ्हाडे केली. पण १८७१ साली मेरी गेली. नंतर काही वर्षे हे कुटुंब केंट परगण्यातील हॉलस्टेड गावी राहिले. तेथे घराजवळून आगगाडी जात असे.

१८८० साली एडिथबाईंचा विवाह ह्यूबर्ट ब्लँड यांच्याशी झाला. थोड्याच दिवसांत पतीला देवी आल्या, धंदा बुडाला आणि पदरी तान्हे मूल! बाईंनी लेखणी उचलली. मासिकांसाठी कविता, कथा, लेख, शुभेच्छापत्रांवरील चित्रे नि ओळी, जे विकले जाईल ते त्या करीत. बरे झाल्यावर पतीही पत्रकार झाले. १८८४ साली स्थापन झालेल्या फेबियन सोसायटीच्या प्रारंभीच्या मंडळींत हे दोघे होते. पुढे हिंदुस्थानात येऊन काँग्रेसच्या अध्यक्षा झालेल्या ॲनी बेझंटबाई याच सोसायटीत होत्या.

घरात सुख होते असे मात्र नाही. पती एकनिष्ठ नव्हते. घरात राहणाऱ्या मैत्रिणीला त्यांच्यापासून दोन मुले झाली. ती दोन्ही एडिथबाईंनी आपलीच म्हणून वाढवली. याची वेदना किती झाली असेल, हे आपण बायका जाणू शकतो.

अशी जवळजवळ वीस वर्षे पोटासाठी लिहिण्यात गेली. चाळिशी उलटल्यावर, १८९९ साली, घरची गरिबी हटवण्यासाठी गुप्तधन शोधणाऱ्या भावंडांची त्यांची कादंबरी निघाली आणि नाव झाले. पण पुढच्याच वर्षी पंधरा वर्षांचा मुलगा फेबियन एका साध्या शस्त्रक्रियेनंतर दगावला. त्या दुःखातही लेखन थांबले नाही. थांबून चालण्यासारखे नव्हते.

१९०२ साली पाच भावंडांची कादंबरी आली. वाळूत राहणारा एक चिडखोर प्राणी मुलांची रोज एक इच्छा पुरी करतो. सूर्य मावळला की जादू संपते. मुले सोन्याची नाणी मागतात, तर ती जुन्या चलनाची म्हणून दुकानदार घेत नाहीत. सुंदर रूप मागतात, तर घरची नोकरमाणसे ओळखत नाहीत आणि मुले उपाशी राहतात! पैशाची ओढाताण सोसलेल्या गृहिणीलाच अशी जादू सुचावी. यानंतर जादूच्या गालिचाची (१९०४) व ताइताची (१९०६) कादंबरी आली. १९०६ च्याच आगगाडीजवळ राहणाऱ्या मुलांच्या कादंबरीत आई गोष्टी लिहून घर चालवते आणि गोष्ट स्वीकारली गेली की चहाबरोबर गोड पाव मिळतो. ती आई कोण, हे सांगायला नको.

पुस्तकावर त्या नावाचे केवळ आद्याक्षर घालीत. त्यामुळे पुष्कळ वाचकांना लेखक पुरुषच वाटे. मिळकत वाढली तशी उदारताही वाढली. डेप्टफर्ड भागातील गरीब मुलांसाठी त्या नाताळचा मेळावा भरवीत.

१९१४ साली पती निवर्तले. महायुद्धाच्या काळात पुन्हा चणचण आली, तेव्हा बाईंनी बागेतली भाजी विकली, घरात भाडेकरू ठेवले. १९१७ साली थॉमस टकर या जहाजावरील इंजिनिअरशी त्यांनी पुनर्विवाह केला. अखेरची वर्षे केंटच्या समुद्रकाठी गेली. ४ मे १९२४ रोजी त्यांचे देहावसान झाले. त्यांच्या थडग्यावरील लाकडी खूण टकर यांनी स्वतःच्या हाताने कोरली.

चूल, मुले नि देणी सांभाळून या बाईंनी लिहिले, आणि ते आजही मुले वाचतात. सवड मिळाली की काहीतरी करू, असे म्हणणाऱ्या आपण सर्वजणींनी हे चरित्र ध्यानी धरावे.