छायाचित्रकार फाळके

आमच्या घरात आजीचा एकही फोटो नाही. फोटो काढला की आयुष्य घटते, असा तिचा पक्का समज होता. मंगळवेढ्याच्या बाजारात स्टुडिओ असूनही ती त्याची पायरी कधी चढली नाही. दादासाहेब फाळक्यांचे चरित्र वाचताना मला आजी आठवली. अशाच समजुतीने त्यांचाही धंदा बसवला होता.

धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वरी झाला. वडील संस्कृत पंडित. पण मुलाचा ओढा चित्रकलेकडे. १८८५ मध्ये ते मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत दाखल झाले. पुढे बडोद्याच्या कलाभवनात ते छायाचित्रण शिकले व गोध्र्याला त्यांनी फोटोचा धंदा सुरू केला. तेथे प्लेगच्या साथीत पत्नी व मूल दोघेही गेले. ते बडोद्यास परतले, तर कॅमेरा माणसाची शक्ती शोषून घेतो या भीतीने गिऱ्हाईक फिरकेना. मग नाटकांचे पडदे रंगवून त्यांनी दिवस काढले. १९०३ मध्ये पुरातत्त्व खात्यात नोकरी लागली. पण स्वदेशीच्या लाटेत तीही त्यांनी सोडली. लोणावळ्याला छापखाना काढला, तो भागीदारांशी न पटल्याने सुटला. चाळिशी आली तरी संसाराला स्थैर्य नव्हते.

अशा वेळी त्यांनी मुंबईच्या एका तंबूत ख्रिस्ताच्या जीवनावरील चित्रपट पाहिला. आपले राम-कृष्ण असेच पडद्यावर का येऊ नयेत, हा विचार त्यांना झोपू देईना. अतिश्रमाने काही काळ दृष्टी गेली. उपचारांनी ती परत आली. विम्याच्या पॉलिसी गहाण टाकून १९१२ साली ते लंडनला गेले व विल्यमसन कॅमेरा घेऊन परतले. भांडवल देणाऱ्यांची खात्री पटावी म्हणून वाटाण्याचा वेल उगवताना रोज थोडा थोडा टिपून त्यांनी एक छोटा चित्रपट केला. तरीही पैसा पुरेना, तेव्हा पत्नी सरस्वतीबाईंचे दागिने गहाण पडले.

या बाईंबद्दल आपण फार कमी बोलतो. दिवसा साऱ्या मंडळींचा स्वयंपाक आणि रात्री अंधाऱ्या खोलीत फिल्मला भोके पाडण्याचे काम त्या करीत. बायका पडद्यावर यायला तयार नसल्याने तारामतीची भूमिका हॉटेलात काम करणाऱ्या साळुंके नावाच्या तरुणाने केली. रोहिदास झाला फाळक्यांचाच मुलगा भालचंद्र. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात 'राजा हरिश्चंद्र' झळकला व लोकांनी गर्दी केली. ज्या यंत्राला लोक भीत होते, त्याच यंत्राने दाखवलेल्या देवांना ते हात जोडू लागले. १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये राम आणि सीता दोन्ही साळुंकेच होते. 'कालियामर्दन'मध्ये कन्या मंदाकिनी कृष्ण झाली.

पण यश टिकले नाही. हिंदुस्थान फिल्म कंपनीत भागीदारांशी मतभेद झाले. ते काशीला गेले, परत आले. १९३१ मध्ये बोलपट आला आणि मूकपटाचा हा जादूगार मागे पडला. कोल्हापुरात १९३७ साली केलेला 'गंगावतरण' हा त्यांचा अखेरचा चित्रपट. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकला, जगापासून काहीसे विसरलेल्या अवस्थेत ते वारले. आज देशातील चित्रपटाचा सर्वोच्च पुरस्कार त्यांच्या नावाने दिला जातो.

माझ्या प्रवेशाच्या वेळी आईने कानातली फुले सोनाराकडे ठेवली होती. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढणारा मी पहिलाच. म्हणून फाळक्यांचे चरित्र वाचताना मला त्यांच्या कॅमेऱ्याइतकेच सरस्वतीबाईंचे मोकळे गळे-हात दिसत राहिले. एकाच्या ध्यासाची किंमत बहुधा दुसरेच कोणी मुकाट्याने मोजते. ते ऋण फेडता आले नाही, तरी निदान ध्यानात ठेवावे.

सुटीत गावी गेल्यावर मी आईचा फोटो काढून घेणार आहे. फुले सुटून आली की.

— एस. वाय. बी. ए.