चंद्र रंगविणारा जादूगार

चंद्राच्या डोळ्यात तोफगोळा रुतला आहे, हे चित्र पुष्कळांनी पाहिले असेल. ते १९०२ सालच्या एका मूकपटातले आहे. सरांनी तो आम्हांला दाखविला तेव्हा मी हसलो. पुढे तो काढणाऱ्या जॉर्ज मेलिएस यांचे चरित्र वाचले आणि हसू मावळले.

मेलिएस यांचा जन्म ८ डिसेंबर १८६१ रोजी पॅरिसला झाला. वडिलांचा बुटांचा कारखाना होता. मुलाचे मन मात्र चित्रांत आणि जादूच्या खेळांत. १८८८ मध्ये कारखान्यातला आपला वाटा भावांना विकून त्यांनी जादूच्या प्रयोगांचे एक नाट्यगृह घेतले. (आमच्या गावात असा मुलगा वेडाच ठरला असता!) १८९५ मध्ये ल्युमिएर बंधूंचा चलच्चित्रांचा खेळ पाहून त्यांनी ते यंत्र विकत मागितले. नकार मिळाला. मग लंडनहून दुसरे यंत्र आणून त्यावरून त्यांनी स्वतःचा कॅमेरा तयार केला.

मोंत्रई येथील त्यांच्या काचेच्या स्टुडिओत चंद्र उभा राहिला. उघडेबोडके सुळके, खोल दऱ्या, निजलेल्या प्रवाशांवर पडणारे हिम, गुहेतली माणसाहून उंच अळंबी आणि क्षितिजावर उगवणारी आपली पृथ्वी! सारे रंगविलेले पडदे. खऱ्या चंद्रावर माणूस १९६९ मध्ये उतरला, तेथे हिम नाही. तरी रात्री चांदण्यात मला आठवतो तो मेलिएस यांचाच चंद्र.

या मूकपटाच्या चोरट्या प्रती काढून अमेरिकेत इतरांनीच पैसा केला. पाचशेवर चित्रपट काढूनही मेलिएस कर्जात बुडाले. पहिल्या महायुद्धात फ्रेंच सैन्याने त्यांच्या कित्येक फिती वितळविल्या आणि त्या सेल्युलॉइडपासून बुटांच्या टाचा केल्या. ज्या धंद्यातून ते निसटले, त्यानेच त्यांची चित्रे गिळली! उरलेल्या मूळ फिती १९२३ मध्ये त्यांनी स्वतःच्या हाताने जाळल्या. तो दिवस मला कल्पनेनेही पाहवत नाही.

पुढे मोंपार्नास स्टेशनात पत्नीसह ते खेळणी आणि मिठाई विकत. १९३१ मध्ये सरकारी सन्मान मिळाला. १९३८ मध्ये ते गेले.

१९९३ मध्ये बार्सिलोनात त्या चंद्रपटाची हाताने रंगविलेली एक प्रत सापडली. फितीचे वेढे चिकटून दगडासारखे झाले होते. एकेक चित्र सोडवीत २०११ मध्ये ती पुन्हा पडद्यावर आली. सरांनी आम्हांला दाखविली ती हीच.