छावणीतली वही

इ.स. १७०नंतरची काही वर्षे रोमन साम्राज्याचा कारभार राजधानीतून नव्हे, तर डॅन्यूब नदीकाठच्या छावण्यांतून चालत होता. नदीपलीकडे मार्कोमानी आणि क्वादी या लढाऊ टोळ्या होत्या, अलीकडे साथीने खिळखिळे झालेले सैन्य. या धामधुमीत पन्नाशीतला, प्रकृतीने नाजूक असा एक माणूस सवड काढून वहीत काही ओळी लिहीत असे. ती ना रोजनिशी होती, ना युद्धाचा वृत्तान्त. आपल्याच मनाला उद्देशून केलेली ती छोटी छोटी टिपणे होती. हा माणूस म्हणजे रोमन सम्राट मार्कस ऑरेलियस. त्याने जिंकलेले प्रदेश रोमच्या हाती राहिले नाहीत. वही मात्र आजही वाचली जाते.

मार्कसचा जन्म इ.स. १२१ मध्ये रोममधील एका प्रतिष्ठित घराण्यात झाला. वडील लहानपणीच वारले आणि आजोबांनी त्याला वाढवले. हा मुलगा वयाच्या मानाने फार गंभीर होता. बाराव्या वर्षी त्याने तत्त्ववेत्त्यांसारखे जाडेभरडे वस्त्र पांघरायला आणि जमिनीवर झोपायला सुरुवात केली. अखेर आईने विनवण्या करून त्याला बिछान्यावर आणले, असे त्याचा जुना चरित्रकार सांगतो. सम्राट हेड्रियनची या मुलावर मर्जी होती. आपला वारस म्हणून त्याने इ.स. १३८ मध्ये अँटोनायनसला दत्तक घेतले, ते अँटोनायनसने मार्कस आणि ल्युसियस या दोन मुलांना दत्तक घ्यावे या अटीवर. वयाच्या सोळाव्या वर्षी मार्कसचे भवितव्य असे ठरून गेले.

त्याला वक्तृत्व शिकवण्यासाठी फ्रॉन्टो हा नामवंत शिक्षक नेमलेला होता. गुरुशिष्यांची पत्रे एकोणिसाव्या शतकात सापडली. त्यांत शब्दांवर आणि उपमांवर मनापासून प्रेम करणारा तरुण मार्कस भेटतो. पुढे रस्टिकस या दुसऱ्या गुरूने त्याला आपल्या संग्रहातील एक ग्रंथ वाचायला दिला आणि मार्कसची दिशाच पालटली. तो ग्रंथ एपिक्टेटसच्या प्रवचनांचा होता. एपिक्टेटस हा जन्माने गुलाम आणि पायाने अधू. स्वातंत्र्य मिळाल्यावर तो शिक्षक झाला, पण स्वतः त्याने एक ओळही लिहिली नाही. एरियन या शिष्याने त्याचे बोल टिपून ठेवले. आपल्या हाती काय आहे आणि काय नाही हे ओळखावे, जे हाती नाही त्यासाठी झुरू नये आणि जे हाती आहे त्यात कसूर करू नये, हे त्याच्या शिकवणीचे सार. गुलामाच्या तोंडचा हा विचार उद्याच्या सम्राटाने आयुष्यभरासाठी उचलला.

त्याची गरज लवकरच पडली. इ.स. १६१ मध्ये मार्कस गादीवर आला. येताच त्याने ल्युसियसला बरोबरीचा सम्राट करून सत्ता वाटून घेतली. टायबर नदीला महापूर आला, अन्नधान्याची टंचाई झाली आणि पूर्वेला पार्थियाशी युद्ध पेटले. ते जिंकून परतलेल्या सैन्याने सोबत भयंकर साथ आणली. ती देवीची असावी असे अनेक अभ्यासक मानतात. इ.स. १६९ मध्ये ल्युसियस वारला. उत्तरेच्या टोळ्या थेट इटलीपर्यंत येऊन धडकल्या. तिजोरी रिकामी होती, पण प्रजेवर नवा कर लादण्याऐवजी मार्कसने राजवाड्यातील सोन्याची भांडी, रत्ने आणि भरजरी वस्त्रे लिलावात काढल्याची नोंद आहे.

या सर्वांहून मोठे दुःख घरातच होते. मार्कस आणि फॉस्टिना यांना तेरा-चौदा मुले झाली. त्यांतली बहुतेक बालपणीच गेली. त्या काळचा सर्वश्रेष्ठ वैद्य गॅलेन दरबारी असूनही सम्राटाच्या घरातले मृत्यू टळले नाहीत. मुलगा दगावू नये अशी प्रार्थना लोक करतात. त्याऐवजी त्याला गमावण्याच्या भीतीतून सुटका मागावी, अशा आशयाचे एक टिपण वहीत आहे. ज्याने इतक्या वेळा पोटचे मूल गमावले त्याच्या हातचे ते वाक्य आहे, हे ध्यानात घेतले की त्यातला कोरडेपणा नाहीसा होतो.

वहीतील बाकीचे विषयही असेच रोजच्या जगण्यातले आहेत. सकाळी अंथरुणातून उठवत नाही, तेव्हा आपण पांघरुणात ऊब घेण्यासाठी जन्मलो का, असे तो स्वतःला विचारतो. आज कृतघ्न, उद्धट आणि मत्सरी माणसे भेटणारच, तरीही ती आपलीच भावंडे आहेत, अशी तो दिवसाच्या सुरुवातीलाच मनाची तयारी करतो. राजवस्त्राचा जांभळा रंग म्हणजे शिंपल्यातील जीवाच्या रक्ताने माखलेली मेंढीची लोकर, हे तो स्वतःला बजावतो. अलेक्झांडर आणि त्याचा खेचरवाला मेल्यावर एकाच पंक्तीला बसले, याची आठवण ठेवतो. भाकरी भाजताना तिला पडणाऱ्या भेगांतही त्याला सौंदर्य दिसते.

ही टिपणे त्याने मातृभाषा लॅटिनमध्ये न लिहिता तत्त्वज्ञानाच्या ग्रीक भाषेत लिहिली. त्यांना त्याने शीर्षकही दिल्याचे दिसत नाही. मराठी वाचकाला येथे समर्थांच्या मनाच्या श्लोकांची आठवण व्हावी, बोलणे मनाशीच. फरक एवढा, की समर्थांचे श्लोक लोकांच्या ओठी जाण्यासाठी होते आणि मार्कसची वही कोणी वाचावी म्हणून लिहिलेलीच नव्हती. म्हणूनच तीत पुनरुक्ती फार आहे. राग आवर, कीर्तीच्या मागे लागू नकोस, मृत्यूला भिऊ नकोस, हेच तो पुन्हा पुन्हा सांगतो. ज्याला हे साधले आहे त्याला इतक्यांदा लिहावे लागत नाही. काल लिहिलेले आज निसटते, म्हणून आज पुन्हा लिहायचे, असा हा नित्यपाठ होता.

शब्द कृतीत उतरल्याचा एक प्रसंग इ.स. १७५ मधला. सम्राट मरण पावल्याच्या अफवेवर विसंबून पूर्वेकडील सेनानी कॅसियसने स्वतःला सम्राट घोषित केले. तीन महिन्यांत त्याच्याच माणसांनी त्याला ठार केले. त्याचे शिर पुढे आले तेव्हा मार्कसने ते पाहण्याचे नाकारून त्याचे दफन करण्यास सांगितले. क्षमा करण्याची संधी हुकल्याची त्याला खंत वाटली, असे इतिहासकार नमूद करतात.

परंतु मार्कसला देव्हाऱ्यात बसवण्याचे कारण नाही. त्याच्याच राजवटीत, इ.स. १७७ मध्ये, आजच्या फ्रान्समधील लियाँ येथे ख्रिस्ती लोकांचा अमानुष छळ झाला. आधीच्या सम्राटांनी लायक माणसाला दत्तक घेऊन गादी दिली होती; मार्कसने ती जगलेल्या एकुलत्या मुलाला, कमोडसला दिली. इ.स. १८० मध्ये, वयाच्या ५८व्या वर्षी, मोहिमेवर असतानाच मार्कसचा मृत्यू झाला. कमोडसने आखाड्यात उतरून योद्ध्यांशी झुंजण्यात धन्यता मानली आणि इ.स. १९२ च्या अखेरीस त्याचा खून झाला. बापाने आयुष्यभर घोटलेले धडे मुलाच्या उपयोगी पडले नाहीत.

वहीचे नशीब मात्र निराळे निघाले. नकलून काढलेल्या मोजक्या प्रतींच्या आधारे ती शतकानुशतके कशीबशी टिकली आणि १५५९ मध्ये झुरिक येथे प्रथम छापली गेली. सुविचार आज फळ्यावर, दिनदर्शिकेवर आणि मोबाइलच्या पडद्यावर जागोजागी भेटतात आणि वाचताक्षणी विसरले जातात. मार्कसच्या वाक्यांचे वजन त्यांच्या चमकदारपणात नाही. एका थकलेल्या माणसाने दुसऱ्या दिवशी उठून पुन्हा कामाला लागण्यासाठी ती लिहिली होती. वाक्य छोटे असले, तरी ते जगून पाहायला त्याला सगळे आयुष्य लागले आणि तेही पुरले नाही.