अंकांचे उपासक कापरेकर गुरुजी

समुद्रकाठच्या डहाणू गावी 17 जानेवारी 1905 रोजी दत्तात्रेय रामचंद्र कापरेकर यांचा जन्म झाला. त्यांचे वडील कारकून होते व त्यांना फलज्योतिषाचा मोठा नाद होता. पत्रिका मांडावयाची म्हणजे आकडेमोड आलीच. ती पाहता पाहता या मुलाला अंकांची गोडी लागली. आठ वर्षांचे वय असतानाच आईचे छत्र हरपले. पुढे वडिलांनीच त्याला शिकवले.

माध्यमिक शिक्षण ठाण्यास संपवून कापरेकर पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात दाखल झाले. तेथे 1927 साली स्वतंत्र गणिती लेखनाबद्दल त्यांना रँग्लर परांजपे यांच्या नावाचे पारितोषिक मिळाले. 1929 साली ते पदवीधर झाले आणि पुढच्याच वर्षी नाशिकजवळच्या देवळाली येथे शाळेत शिक्षक म्हणून रुजू झाले. 1962 साली निवृत्त होईपर्यंत त्यांनी तेथेच अध्यापन केले. उच्च पदवी नाही, विद्यापीठाचा आधार नाही, अशा स्थितीत हा शिक्षक फावल्या वेळी कागद-पेन्सिल घेऊन अंकांशी खेळत बसे.

1946 साली त्यांना एक नवल आढळले. सारेच अंक सारखे नसतील अशी कोणतीही चार अंकी संख्या घ्यावी. समजा, 3524 घेतली. तिचे अंक उतरत्या क्रमाने मांडले की 5432 होते, चढत्या क्रमाने मांडले की 2345. वजाबाकी 3087. हीच कृती पुन्हा केली की 8352 आणि आणखी एकदा केली की 6174 येते. आता कितीही वेळा तेच करा, 6174 पुढून हलत नाही! कोठूनही आरंभ केला तरी फार तर सात वेळांत याच संख्येवर येऊन थांबावे लागते. चार अंकी संख्या मोजक्याच असल्यामुळे त्या एकेक करून तपासता येतात आणि निष्कर्षाची खात्री पटते.

परंतु जेथे संख्यांना अंत नाही, तेथे काय करावयाचे? कापरेकरांच्या आवडत्या 'डेम्लो' संख्यांकडे पाहिले म्हणजे ही अडचण ध्यानात येते. मुंबईपासून सुमारे तीस मैलांवरील एका रेल्वे स्थानकावर त्यांना या संख्यांची कल्पना सुचली. म्हणून त्या स्थानकाचेच नाव त्यांनी त्यांना दिले. 11 चा वर्ग 121, 111 चा वर्ग 12321, 1111 चा वर्ग 1234321. किती सुबक मांडणी! नऊ एककांपर्यंत हा क्रम बिनचूक चालतो. म्हणून तो सदैव चालेल असे कोणी धरून चालला, तर तो फसेल. दहा एककांच्या संख्येचा वर्ग 1234567900987654321 येतो. मधोमध दहा आले की हातचा पुढे जातो आणि सारी मांडणी मोडते.

नऊ वेळा खरे ठरलेले दहाव्या वेळीही खरे ठरेलच असे नाही. यासाठीच गणितज्ञांनी 'गणिती विगमन' नावाची रीत योजली आहे. ती शिडी चढण्यासारखी आहे. प्रथम पहिल्या पायरीवर पाय ठरतो हे दाखवावयाचे. मग कोणत्याही पायरीवरून पुढची पायरी गाठता येते हे सिद्ध करावयाचे. दोन्ही गोष्टी साधल्या की शिडी कितीही उंच असो, तिची प्रत्येक पायरी आपली झाली. डेम्लो संख्यांच्या शिडीत पहिली पायरी पक्की आहे. पण नवव्या पायरीवरून दहावी गाठता येत नाही.

कापरेकरांनीच दाखवलेली दुसरी एक शिडी मात्र अखंड आहे. 45 चा वर्ग 2025. त्याचे दोन भाग 20 आणि 25. त्यांची बेरीज पुन्हा 45! अशा संख्यांना आज 'कापरेकर संख्या' म्हणतात. 9, 99, 999 या साऱ्या कापरेकर संख्याच आहेत. 99 ला 99 ने गुणावयाचे म्हणजे 9900 मधून 99 वजा करावयाचे. उत्तर 9801 येते. 98 आणि 1 मिळून 99. हेच 999 ला लावले तर 999000 मधून 999 जातात व 998001 उरतात. 998 आणि 1 मिळून 999. नवांची संख्या कितीही वाढवली तरी हेच कारण लागू पडते. येथे मोजणीची गरजच उरत नाही.

या संशोधनाचे चीज मात्र लवकर झाले नाही. हा निव्वळ पोरखेळ आहे असे म्हणून कित्येकांनी त्याची थट्टा केली. तरीही कापरेकर पदरमोड करून पुस्तिका छापीत व गणित परिषदांना जात. निवृत्तीनंतर वेतन अपुरे पडे, तेव्हा ते शिकवण्या करीत. पण अंकांचा छंद त्यांनी सोडला नाही. अखेर मार्च 1975 मध्ये मार्टिन गार्डनर या अमेरिकन लेखकाने 'सायंटिफिक अमेरिकन' मासिकात त्यांच्याविषयी लिहिले आणि देवळालीच्या शिक्षकाचे नाव जगभर पोहोचले. 1986 साली त्यांचे निधन झाले.

आज 6174 ही संख्या 'कापरेकर स्थिरांक' म्हणून सर्वत्र ओळखली जाते. अंकांतील नवल टिपावयास कापरेकरांसारखी जागी नजर हवी. आणि ते नवल सर्वकाळ खरे आहे की नाही हे ठरवावयास सिद्धता हवी. ही दोन्ही ज्याच्यापाशी आहेत, त्याला गणिताचा आनंद लाभल्यावाचून राहात नाही.