'खाष्ट सासू'च्या आधीची ललिता पवार

घरातल्या एखाद्या कडक काकूला मागून 'ललिता पवार' म्हटलेलं तुम्ही नक्की ऐकलं असेल. नसेल तर 'रामायणा'तली मंथरा आठवा. पाठीला कुबड, एक डोळा बारीक आणि तोंड सतत कैकेयीच्या कानाशी. पण दोस्तांनो, तो डावा डोळा त्या मुद्दाम बारीक करत नव्हत्या. तो तसाच होता. का, ते सांगायचं तर आपल्या येवल्यापासून सुरुवात करायला हवी.

१८ एप्रिल १९१६ रोजी येवल्यात, रेशमी-सुती कापडाचा व्यापार करणाऱ्या लक्ष्मणराव सगुणांच्या घरी अंबा जन्मली. अजून शाळेत जायच्या वयाची असतानाच ती पुण्यात मूकपटांत कामं करू लागली. पुढे अंबाची ललिता झाली आणि बोलपट आल्यावर चक्क हिरोईन! घोड्यावर बसायचं, मारामारी करायची, स्वतःची गाणी स्वतः म्हणायची. १९३८ मध्ये तिनं टॉलस्टॉयच्या कादंबरीवरून 'दुनिया क्या है' नावाचा सिनेमा काढला, निर्माती म्हणून. वय वर्षं २२. म्हणजे आपण एमएचं ॲडमिशन कुठे मिळतंय ते बघत असतो तेव्हा.

आणि मग १९४२. 'जंग-ए-आझादी'चं शूटिंग. सीन साधा होता, हिरोईनला थोबाडीत बसते. मारणारे होते भगवान, म्हणजे पुढे 'अलबेला' करणारे आपले भगवानदादा. थप्पड जरा जास्तच जोरात बसली. चेहऱ्याच्या एका बाजूला पक्षाघात झाला, डाव्या डोळ्याची शीर फुटली. उपचार बरेच दिवस चालले. चेहरा सावरला, पण डोळा सावरला नाही. हिरोईनचे रोल संपले. वय २६ होतं.

आता आईचे, सासूचे रोल. इथे थोडं गणित करा. 'जंगली'त (१९६१) त्या शम्मी कपूरच्या करारी आई आहेत. शम्मी १९३१ चा. म्हणजे 'आई' मुलापेक्षा फक्त १५ वर्षांनी मोठी! राज कपूर तर त्यांच्याहून आठच वर्षांनी लहान, आणि 'श्री ४२०' मध्ये त्या त्याला माया लावणाऱ्या केळेवाल्या गंगामाई.

याच १९५५ सालातला 'मिस्टर अँड मिसेस ५५' बघा. तिथे त्या पुरुषांचा तिटकारा असलेली श्रीमंत आत्या आहेत, मधुबालाला धाकात ठेवणारी. एकाच वर्षी फुटपाथवर केळी विकायची आणि बंगल्यात हुकूम सोडायचे. डोळा तोच. एकीकडे तो डोळा दुखरा वाटतो, दुसरीकडे त्याची भीती वाटते. मला विचाराल तर त्यांना नुसतं 'खाष्ट सासू' म्हणणारे लोक हे दोन सिनेमे पाहिलेलेच नसतात.

सासवा त्यांनी ढिगानं केल्या, हे खरं. पण फिल्मफेअर मिळालं ते 'अनाडी'तल्या (१९५९) मिसेस डिसासाठी. घरमालकीण. तोंडानं फटकळ, भाडेकरू राज कपूरवर सतत ओरडणारी आणि पोटातून त्याच्यासाठी तुटणारी. भेसळीच्या औषधानं तिचा जीव जातो आणि खुनाचा आळ त्याच्यावरच येतो. १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार आला. गंमत म्हणजे हृषीकेश मुखर्जींनी 'आनंद'मध्ये (१९७१) त्यांना मेट्रन केलं आणि आडनाव पुन्हा डिसाच ठेवलं!

'रामायण' दूरदर्शनवर आलं १९८७ मध्ये, तेव्हा बाई सत्तरी ओलांडलेल्या होत्या. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यात, औंधच्या घरी त्या गेल्या. तेव्हा घरात सोबत कुणी नव्हतं.

या रविवारी 'अनाडी' लावा आणि आजीला शेजारी बसवा. मंथरेवर दात-ओठ खाल्लेली आजी मिसेस डिसा गेल्यावर पदर डोळ्याला लावते की नाही, ते बघा.