कार्ल थिओडोर ड्रायर

कार्ल थिओडोर ड्रायर (३ फेब्रुवारी, इ.स. १८८९ – २० मार्च, इ.स. १९६८) हे डॅनिश चित्रपट दिग्दर्शक आणि पटकथाकार होते. मूकपटांच्या काळात पटकथालेखक म्हणून त्यांनी चित्रपटक्षेत्रात प्रवेश केला. पहिल्या चित्रपटाचे नेपथ्यही त्यांनी स्वतःच केले. पात्रे ज्या घरात वावरतात ते घर, त्याच्या भिंती आणि तेथील भांडीकुंडी यांतूनही पात्रांचे अंतरंग प्रकट झाले पाहिजे, अशी त्यांची धारणा होती. या आग्रहाची किंमतही त्यांना मोजावी लागली. सुमारे ४५ वर्षांच्या कारकिर्दीत त्यांना केवळ १४ पूर्ण लांबीचे चित्रपट करता आले आणि त्यांपैकी इ.स. १९२८नंतरचे फक्त ५ आहेत. 'ला पॅसिऑन द झान दार्क' (जोन ऑफ आर्कच्या यातना), 'व्रेदेन्स दाग' (कोपाचा दिवस) आणि 'ओर्देत' (शब्द) हे त्यांचे चित्रपट जागतिक चित्रपटसृष्टीतील श्रेष्ठ कृतींमध्ये गणले जातात.

जन्म व बालपण

ड्रायर यांचा जन्म कोपनहेगन येथे झाला. त्यांची जन्मदात्री योसेफिन निल्सन ही दक्षिण स्वीडनमधील एका जमीनदाराच्या घरी घरकाम पाहणारी अविवाहित स्त्री होती. तो जमीनदार म्हणजेच मुलाचा पिता होय. लोकापवाद टाळण्यासाठी तिने कोपनहेगनला जाऊन मुलाला जन्म दिला. काही काळ हे मूल वेगवेगळ्या घरी वाढले. पुढे छापखान्यात खिळे जुळविण्याचे काम करणाऱ्या कार्ल थिओडोर ड्रायर यांनी व त्यांच्या पत्नीने त्याला दत्तक घेतले आणि दत्तक पित्याचेच नाव मुलाला मिळाले.

योसेफिन पुढे पुन्हा गरोदर राहिली. गर्भपात करण्यासाठी तिने काडेपेटीतील काड्यांचा गूल पोटात घेतला आणि त्या विषबाधेने तिचा मृत्यू झाला. ड्रायर यांना ही हकीकत तरुणपणी समजली. दत्तक घरात आपल्याला माया लाभली नाही, असे ते पुढे सांगत. जन्मदात्रीविषयी मात्र त्यांच्या मनात अखेरपर्यंत ओढ राहिली. पुरुषांच्या न्यायापुढे एकटी उभी राहिलेली स्त्री त्यांच्या चित्रपटांत पुनःपुन्हा येते. तिचे मूळ या घटनेत असावे, असे मत त्यांचे चरित्रकार मॉरिस द्रुझी यांनी मांडले आहे.

पत्रकारिता आणि पटकथालेखन

शालेय शिक्षणानंतर ड्रायर यांनी एका तारयंत्र कंपनीत कारकुनी केली. परंतु त्या कामात त्यांचे मन रमले नाही. इ.स. १९०९च्या सुमारास ते पत्रकारितेकडे वळले. नाट्यपरीक्षणे, विमानविद्येच्या वार्ता आणि प्रसिद्ध व्यक्तींची खुसखुशीत शब्दचित्रे असे विविध लेखन त्यांनी केले. इ.स. १९११मध्ये त्यांचा एबा लार्सन यांच्याशी विवाह झाला. त्यांना एक कन्या व एक पुत्र अशी दोन अपत्ये झाली.

ओले ओल्सेन यांनी इ.स. १९०६मध्ये स्थापन केलेली नॉर्डिस्क फिल्म ही कंपनी तेव्हा युरोपातील अग्रगण्य चित्रपटसंस्थांपैकी एक होती. इ.स. १९१३मध्ये ड्रायर तेथे अर्धवेळ काम करू लागले आणि इ.स. १९१५पासून पूर्णवेळ नोकरीत रुजू झाले. मूकपटांत दाखवावयाच्या पाट्यांचा मजकूर लिहिणे, आलेल्या पटकथा तपासणे, कादंबऱ्यांची पटकथारूपे तयार करणे आणि चित्रपटांचे संकलन करणे ही कामे त्यांच्याकडे होती. एखादी कथा पडद्यावर आणताना त्यातील काय गाळावे आणि काय ठेवावे, याचे शिक्षण त्यांना या काळात मिळाले. पुढील आयुष्यात नाटक वा कादंबरीवर काम करताना त्यांनी हीच रीत ठेवली.

आरंभीचे मूकपट

नॉर्डिस्कसाठी ड्रायर यांनी दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट 'प्रेसिडेंटेन' (न्यायाधीश) हा इ.स. १९१९मध्ये प्रदर्शित झाला. कार्ल एमिल फ्रांझोस यांच्या कादंबरीवरील या चित्रपटात एका न्यायाधीशासमोर आपल्याच अनौरस मुलीचा खटला येतो. त्या काळच्या चित्रपटांतील दिवाणखाने सामानसुमानाने गच्च भरलेले असत. ड्रायर यांनी ती प्रथा सोडून मोकळ्या भिंती आणि मोजक्या वस्तू असलेल्या खोल्या उभारल्या. लहानसहान भूमिकांसाठीही रंगभूषेने वय वाढवलेल्या नटांऐवजी खरोखर वृद्ध असलेल्या व्यक्ती निवडल्या.

यानंतरच्या 'ब्लाडे अफ सातान्स बोग' (सैतानाच्या ग्रंथातील पाने) या चित्रपटात चार कालखंडांतील चार कथा आहेत. त्याच्या खर्चावरून ड्रायर आणि कंपनी यांच्यात तीव्र मतभेद झाले. ठरलेल्या रकमेत आपल्याला अभिप्रेत असलेला चित्रपट होणार नाही, ही त्यांची भूमिका होती. हा वाद पुढे निर्माते बदलले तरी त्यांच्या आयुष्यात वारंवार उद्भवला.

इ.स. १९२० ते १९२६ या काळात त्यांनी डेन्मार्क, स्वीडन, नॉर्वे आणि जर्मनी या देशांतील संस्थांसाठी काम केले. 'प्रेस्टेंकान' (धर्मोपदेशकाची विधवा) या स्वीडिश चित्रपटासाठी त्यांनी सेट न उभारता नॉर्वेतील लिलेहामर येथील संग्रहालयात जतन केलेल्या जुन्या लाकडी घरांत चित्रीकरण केले. जर्मनीत हर्मन बांग यांच्या कादंबरीवरून त्यांनी 'मिखाएल' (१९२४) केला. त्याचे नेपथ्य वास्तुविशारद हुगो हेरिंग यांनी केले होते.

इ.स. १९२५मधील 'दू स्कल एरे दिन हुस्त्रू' (पत्नीचा मान राख) या चित्रपटात पत्नीला मोलकरणीप्रमाणे राबवणाऱ्या नवऱ्याला त्याची म्हातारी दाई वठणीवर आणते. कथा जवळजवळ संपूर्णपणे एका लहान बिऱ्हाडात घडते. ड्रायर यांनी स्टुडिओत नळाचे पाणी, गॅस आणि वीज यांसह ते बिऱ्हाड हुबेहूब बांधून घेतले. चूल पेटवणे, कपडे वाळत घालणे, बाळाचे करणे ही गृहिणीची कामे त्यामुळे खऱ्या कष्टांसह दिसतात. हा चित्रपट फ्रान्समध्ये लोकप्रिय झाला आणि तेथील एका निर्मितीसंस्थेने ड्रायर यांना निमंत्रण दिले.

जोन ऑफ आर्क

फ्रान्समध्ये ड्रायर यांनी जोन ऑफ आर्क हा विषय स्वीकारला. इ.स. १४३१मध्ये रूआँ येथे तिच्यावर पाखंडाचा खटला चालवून तिला जिवंत जाळण्यात आले होते. पटकथेसाठी त्यांनी लढायांचा भाग पूर्णपणे वगळला. खटल्याच्या मूळ नोंदींचा आधार घेऊन, अनेक आठवडे चाललेली चौकशी एकाच दिवसात घडते अशी रचना केली. इतिहासकार पिएर शांपिओं हे त्यांचे सल्लागार होते.

नेपथ्याचे काम हेर्मान वार्म आणि चित्रकार जाँ ह्यूगो यांनी केले. मध्ययुगीन हस्तलिखितांतील लघुचित्रांच्या धर्तीवर पॅरिसजवळ तटबंदी, बुरूज आणि घरे असलेला मोठा सेट बांधण्यात आला. कृष्णधवल पडद्यावर भिंती करड्या दिसाव्यात आणि आकाशाहून वेगळ्या उठाव्यात म्हणून त्यांना गुलाबी रंग दिला होता. प्रत्यक्ष चित्रपटात मात्र हा खर्चिक सेट पूर्णपणे कोठेच दिसत नाही. पडदा व्यापतात ते चेहऱ्यांचे क्लोजअप. नटांना त्या जगात वावरल्याचा प्रत्यय यावा, एवढाच सेटचा हेतू उरला. रेने फाल्कोनेत्ती यांनी साकारलेली जोन रंगभूषेशिवाय आहे आणि कथा ज्या क्रमाने घडते त्याच क्रमाने चित्रीकरण झाले. रुडॉल्फ माते हे छायालेखक होते.

चित्रपटाचा पहिला खेळ एप्रिल १९२८मध्ये कोपनहेगन येथे झाला. समीक्षकांनी त्याची प्रशंसा केली. परंतु फ्रान्समध्ये धर्मपीठ आणि सरकारी परीक्षक यांच्या आक्षेपांमुळे त्यात काटछाट झाली, आणि आर्थिक यशही लाभले नाही. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये बर्लिनमधील प्रयोगशाळेला लागलेल्या आगीत मूळ निगेटिव्ह जळाले. ड्रायर यांनी न वापरलेल्या चित्रणातून दुसरी आवृत्ती जुळवली. तिचेही निगेटिव्ह पुढे आगीतच नष्ट झाले. त्यानंतर अनेक दशके प्रेक्षकांना केवळ सदोष प्रती पाहावयास मिळाल्या. इ.स. १९८१मध्ये नॉर्वेतील ऑस्लोजवळच्या एका मनोरुग्णालयातील कपाटात मूळ स्वरूपातील प्रत सापडली. ते पाहण्यास ड्रायर हयात नव्हते.

बोलपट आणि दीर्घ खंड

ड्रायर यांचा पहिला बोलपट 'वांपीर' (१९३२) हा शेरिडन ले फानू यांच्या कथांवर आधारलेला आहे. त्याला पैसा पुरवणारे निकोलास द गुन्झबुर्ग यांनीच त्यात प्रमुख भूमिका केली. चित्रीकरण प्रामुख्याने फ्रान्समधील एका खेड्यातील जुन्या वाड्यात व आसपासच्या इमारतींत झाले. धूसर प्रकाश आणि स्वप्नवत रचना यांसाठी आज वाखाणला जाणारा हा चित्रपट त्या वेळी प्रेक्षकांनी नाकारला. पुढील दहा वर्षे ड्रायर यांना एकही पूर्ण लांबीचा चित्रपट मिळाला नाही. चरितार्थासाठी ते पुन्हा पत्रकारितेकडे वळले आणि कोपनहेगनच्या एका दैनिकासाठी न्यायालयीन वार्ता लिहू लागले.

डेन्मार्क जर्मनीच्या ताब्यात असताना, नोव्हेंबर १९४३मध्ये, 'व्रेदेन्स दाग' प्रदर्शित झाला. सतराव्या शतकातील चेटकिणींच्या छळाची ही कथा हान्स वीर्स-येन्सेन यांच्या नाटकावरून घेतलेली आहे. एरिक ओस यांच्या नेपथ्यातील उघड्या भिंती, काळी वस्त्रे आणि पांढऱ्या कॉलरी यांमुळे संशयाने कोंडलेल्या समाजाचे चित्र उभे राहते. डेन्मार्कमधील ज्यूंची धरपकड नुकतीच सुरू झाली होती. त्यामुळे अनेकांना या चित्रपटात तत्कालीन दडपशाहीचे प्रतिबिंब दिसले. असा आपला हेतू असल्याचे ड्रायर यांनी मात्र मान्य केले नाही. त्यानंतर ते लवकरच स्वीडनला गेले. तेथे केलेला 'त्वो मेनिशूर' (दोन माणसे, १९४५) हा चित्रपट त्यांनी स्वतःच आपल्या कृतींतून वगळला होता.

युद्धोत्तर काळात त्यांनी शासकीय संस्थांसाठी अनेक लघुपट केले. इ.स. १९५२मध्ये त्यांना कोपनहेगनमधील दाग्मार या चित्रपटगृहाचा परवाना मिळाला. अशा परवान्याच्या उत्पन्नातून कलावंतांना आधार देण्याची डेन्मार्कमध्ये पद्धत होती. वयाच्या त्रेसष्टाव्या वर्षी ड्रायर यांना आर्थिक स्थैर्य लाभले ते या व्यवस्थेमुळे.

ओर्देत आणि गेरत्रूद

'ओर्देत' हे धर्मोपदेशक व नाटककार काय मुंक यांचे नाटक ड्रायर यांनी इ.स. १९३२मध्ये रंगमंचावर पाहिले होते. मुंक यांची जानेवारी १९४४मध्ये गेस्टापोने हत्या केली. हे नाटक पडद्यावर आणण्याची संधी ड्रायर यांना वीस वर्षांहून अधिक काळ लोटल्यावर मिळाली. त्यांनी नाटकातील संवादांचा मोठा भाग काढून टाकला आणि बाह्यचित्रीकरण मुंक यांच्याच वेदेर्सो गावाच्या परिसरात केले. शेतकरी कुटुंबाच्या स्वयंपाकघराचा सेट उभारताना त्यांनी प्रथम अशा घरात असू शकेल ती प्रत्येक वस्तू आणून मांडली आणि मग एकेक वस्तू बाहेर काढत नेली. अखेरीस मोजक्याच वस्तू उरल्या. पण त्यांतून पूर्ण घराचा भास होतो. पटकथेतील शब्द आणि खोलीतील सामान या दोहोंना त्यांनी एकच कसोटी लावली. 'ओर्देत'ला इ.स. १९५५च्या व्हेनिस चित्रपट महोत्सवात सुवर्णसिंह पुरस्कार मिळाला.

याल्मार सेदरबेरी यांच्या नाटकावरील 'गेरत्रूद' हा त्यांचा अखेरचा चित्रपट डिसेंबर १९६४मध्ये पॅरिसमध्ये प्रथम दाखवण्यात आला. प्रेमात तडजोड न स्वीकारता एकटेपण पत्करणाऱ्या स्त्रीची ही कथा आहे. लांबलचक दृश्ये आणि संथ संवाद यांमुळे प्रेक्षकांनी त्याची हेटाळणी केली आणि डॅनिश वृत्तपत्रांनीही कठोर टीका केली. पुढील काळात मात्र समीक्षकांचे मत पालटले.

अपूर्ण राहिलेला चित्रपट

येशू ख्रिस्ताच्या जीवनावर चित्रपट करणे ही ड्रायर यांची आयुष्यभराची इच्छा होती. एका अमेरिकन निर्मात्याच्या भरवशावर ते अमेरिकेला गेले आणि इ.स. १९४९–५०मध्ये मिसूरी राज्यातील इंडिपेंडन्स या गावी राहून त्यांनी पटकथा लिहिली. येशूला ज्यू समाजातील ज्यू माणूस म्हणून दाखवावे आणि त्याच्या मृत्यूचा दोष ज्यूंवर लादणाऱ्या परंपरेला उत्तर द्यावे, असा त्यांचा उद्देश होता. रोमन सत्तेखालील पॅलेस्टाइन समजून घेताना त्यांच्यासमोर जर्मनव्याप्त डेन्मार्कचा अनुभव होता. निर्मात्याकडून पैसा आला नाही, तरी ड्रायर अनेक वर्षे वाट पाहत राहिले. अखेरच्या महिन्यांत डॅनिश शासनाने मदतीची तयारी दर्शवली; परंतु तोवर उशीर झाला होता. २० मार्च १९६८ रोजी कोपनहेगन येथे वयाच्या ७९व्या वर्षी त्यांचे निधन झाले. ती पटकथा त्याच वर्षी पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाली.

प्रभाव

ड्रायर यांनी सहलेखकासह लिहिलेल्या 'मेदेआ' या पटकथेवरून लार्स फॉन ट्रीअर यांनी इ.स. १९८८मध्ये दूरचित्रवाणीसाठी चित्रपट केला. झाँ-लुक गोदार यांच्या 'व्हिव्र सा व्ही' (१९६२) या चित्रपटातील नायिका चित्रपटगृहात ड्रायर यांची जोन पाहताना अश्रू ढाळते. चित्रपटविषयक त्यांचे निवडक लेख इ.स. १९५९मध्ये 'ओम फिल्मेन' (चित्रपटाविषयी) या नावाने संग्रहित झाले आहेत.

दिग्दर्शित केलेले प्रमुख चित्रपट

प्रेसिडेंटेन (१९१९)
प्रेस्टेंकान (१९२०)
मिखाएल (१९२४)
दू स्कल एरे दिन हुस्त्रू (१९२५)
ला पॅसिऑन द झान दार्क (१९२८)
वांपीर (१९३२)
व्रेदेन्स दाग (१९४३)
ओर्देत (१९५५)
गेरत्रूद (१९६४)