वाटाण्याचा अंकुर आणि भांडवलाचा हिशेब

बी पेरल्यापासून पीक हाती येईपर्यंतचा काळ हाच शेतीतील सर्वांत मोठा खर्च असतो, हे बीड जिल्ह्यातील कोरडवाहू शेतकऱ्याला अर्थशास्त्राच्या ग्रंथांवाचून कळते. बियाण्याचा व खताचा हिशेब मांडता येतो. वाट पाहण्याच्या महिन्यांचा मोबदला मात्र कोणी देत नाही, आणि नेमक्या त्याच महिन्यांसाठी घरातील दागिना सावकाराकडे जातो. भांडवलनिर्मितीचा धडा शिकवताना या शेतकऱ्यासोबत मी आणखी एका माणसाचे उदाहरण देत असतो. त्यानेही बी पेरले होते, परंतु कुंडीत आणि कॅमेऱ्यासमोर. तो माणूस म्हणजे धुंडिराज गोविंद उर्फ दादासाहेब फाळके.

फाळके यांना आपण भारतीय चित्रपटाचे जनक म्हणून ओळखतो. परंतु निर्जीव वस्तू हाताने किंचित सरकवायची, एक चित्र घ्यायचे, पुन्हा सरकवायची, आणि अशा शेकडो चित्रांतून तिला चैतन्य द्यायचे, या ज्या कलेला आज ॲनिमेशन म्हणतात, तिचेही ते या देशातील आद्य उपासक होते. त्यांच्या चरित्राचा हा भाग सहसा दुर्लक्षित राहतो.

३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे जन्मलेल्या फाळके यांचे शिक्षण मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत आणि नंतर बडोद्याच्या कलाभवनात झाले. चित्रकला, छायाचित्रण, मुद्रण, जादूचे प्रयोग असे नाना उद्योग त्यांनी केले. गोध्रा येथे छायाचित्रणाचा व्यवसाय मांडला असता प्लेगने पत्नी व अपत्य हिरावून नेले. काही काळ पुरातत्त्व खात्यात नोकरी केल्यावर ते मुद्रणाच्या व्यवसायात शिरले. तो नावारूपाला आला, पण भागीदारांशी मतभेद झाले आणि स्वतः उभारलेल्या छापखान्यातून त्यांना रिकाम्या हातांनी बाहेर पडावे लागले. याच सुमारास गिरगावात ख्रिस्तचरित्रावरील चित्रपट त्यांच्या पाहण्यात आला आणि पुढील आयुष्याची दिशा ठरली. चित्रपटांच्या अखंड अभ्यासापायी त्यांची दृष्टी जवळजवळ गेली होती. ती उपचारांनी परत आली. विम्याची पॉलिसी गहाण ठेवून १९१२ साली ते लंडनला गेले आणि तंत्र शिकून, कॅमेरा घेऊन परतले.

विद्या आली, यंत्र आले. परंतु धनिकांचा विश्वास कसा मिळवावयाचा? फाळके यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि महिनाभराहून अधिक काळ रोज एक चौकट याप्रमाणे त्याचे चित्रण केले. पडद्यावर बीजातून वेल वाढलेला दिसला. ही ‘अंकुराची वाढ’ पाहून यशवंतराव नाडकर्णी प्रभृतींनी कर्ज देऊ केले. भारतीय चित्रपटाचे पहिले कर्ज उभे राहिले ते अशा रीतीने, रोज एका चित्राची वाट पाहणाऱ्या संयमावर. या कर्जालाही पत्नी सरस्वतीबाई यांच्या दागिन्यांची जोड द्यावी लागली. कच्च्या फिल्मला अंधारात छिद्रे पाडण्यापासून सर्व कलावंतांच्या स्वयंपाकापर्यंतचे त्यांचे श्रम तर कोणत्याच खतावणीत चढले नाहीत. ३ मे १९१३ रोजी ‘राजा हरिश्चंद्र’ मुंबईत प्रदर्शित झाला आणि एका उद्योगाचा पाया घातला गेला.

१९१४ साली फाळके यांनी लंडनमध्ये आपले चित्रपट दाखविले. तेथे राहून काम करण्याचे प्रस्ताव त्यांनी नाकारले. ते परतले तोच महायुद्ध पेटले आणि धनकोंनी हात आखडता घेतला. त्या टंचाईच्या काळात, १९१५ साली, त्यांनी ‘आगकाड्यांची मौज’ हा लघुपट केला. त्यात नट म्हणून नाचल्या त्या आगपेटीतील काड्या. मूकपटात सेकंदाला साधारणपणे १६ चौकटी लागत. म्हणजे मिनिटभराच्या खेळासाठी साडेनऊशेच्या आसपास चित्रे. साहित्य कवडीमोलाचे, श्रम मात्र अमोल! भांडवल आटले असता श्रमाने त्याची जागा कशी घ्यावी, याचा याहून बोलका दाखला मला ठाऊक नाही.

१९१७ च्या ‘लंकादहन’ने अमाप लोकप्रियता मिळविली आणि तिच्यामागोमाग भांडवल चालत आले. १९१८ साली पाच भागीदारांसह हिंदुस्तान सिनेमा फिल्म्स कंपनी स्थापन झाली. परंतु खर्चावर आणि वेळेवर मर्यादा असाव्यात, हा भागीदारांचा आग्रह होता. फाळके यांना तो जाच वाटला. ते कंपनी सोडून काशीला गेले, १९२२ मध्ये परतले, पण पूर्वीचे स्वामित्व परत आले नाही. बोलपटाच्या आगमनाने त्यांचे युगच संपविले. १९३७ चा ‘गंगावतरण’ हा त्यांचा अखेरचा चित्रपट. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे, चित्रसृष्टीच्या झगमगाटापासून दूर, त्यांचे निधन झाले.

भागीदारांना खलनायक ठरविणे सोपे आहे, परंतु ते न्याय्य नाही. ज्याचा पैसा गुंततो त्याने हिशेब मागावा, यात गैर काही नाही. आणि फाळके हे हिशेबी गृहस्थ होते, असे त्यांचा भक्तही म्हणणार नाही. दोष आहे तो तारणाशिवाय काहीच न पाहणाऱ्या पतव्यवस्थेचा. जमीन, दागिना, पॉलिसी यांना तिच्या लेखी मूल्य आहे. कौशल्याला आणि संयमाला नाही.

१९६९ पासून फाळके यांच्या नावाने चित्रपटक्षेत्रातील सर्वोच्च राष्ट्रीय पुरस्कार दिला जातो, हे उचितच आहे. परंतु पुरस्कार पीक आल्यावर मिळतो. कर्ज पेरणीच्या वेळी हवे असते. आमच्या जिल्ह्यातील एखादा तरुण आज स्वतःच्या हाताने चित्रांना चालवू पाहत असेल, तर कर्ज देणाऱ्याने त्याला सातबारा जरूर मागावा. परंतु त्याआधी त्याने काढलेले मिनिटभराचे चित्र तरी पाहावे. नाडकर्णी यांनी १९१२ साली एवढेच केले होते.